मुक्या जिवाचे पोट आणि घरातला औषधाचा डबा

मराठी घर इंदूरचे असो वा बडोद्याचे, ग्वाल्हेरचे असो वा हैदराबादचे, त्याच्या फडताळात औषधांचा एक डबा हटकून सापडतो. डब्याच्या एका कोपऱ्यात सुंठ, ओवा, जायफळ असा आजीच्या काळापासूनचा संसार असतो. उरलेल्या जागेत तापाची गोळी, अंगदुखीची गोळी, आजोबांच्या गुडघ्यांसाठी डॉक्टरांनी लिहून दिलेल्या गोळ्यांची अर्धी पट्टी आणि कुणाच्या तरी मागच्या आजारपणातली उरलेली प्रतिजैविके दाटीवाटीने बसलेली असतात. घरात कुणाला जरा कणकण वाटली की हा डबा उघडायचा, ही आपली जुनी रीत.

याच घरात आता एक मुका सभासदही असतो. पूर्वी कुत्रा अंगणात आणि मांजर माळ्यावर असे. आता दोघेही दिवाणखान्यात, किंबहुना अंथरुणातही आले आहेत. साहजिकच ते आजारी पडले की त्यांच्यासाठीही माणसांचाच डबा उघडला जातो. म्हाताऱ्या कुत्र्याचा मागचा पाय थंडीत आखडला, की आजोबांच्या पट्टीतली एक गोळी पोळीच्या तुकड्यात लपवून त्याला चारायची. मांजराचे अंग तापले, की तापाच्या गोळीचा चतकोर दुधात विरघळवायचा. यामागच्या मायेविषयी आम्हांस तिळमात्र शंका नाही. शंका आहे ती त्या गोळीविषयी. पाळीव जनावरांच्या पोटाला होणाऱ्या कित्येक गंभीर इजांचे मूळ दुष्टाव्यात नसते, अशा अजाण मायेतच असते, आणि म्हणूनच या विषयावर चार गोष्टी सविस्तर सांगाव्यात असे आम्हांस वाटले.

मूळ मुद्दा एकच आहे. जनावराचे पोट म्हणजे माणसाच्या पोटाची छोटी प्रत नव्हे. वजनाच्या हिशेबाने गोळीचे तुकडे केले म्हणजे भागले, ही समजूत चुकीची आहे. औषध पोटात विरघळणे, रक्तात शिरणे, यकृताने त्याचे रूपांतर करणे आणि अखेर ते शरीराबाहेर पडणे, या प्रत्येक पायरीवर कुत्रा, मांजर, ससा आणि माणूस यांच्या वाटा वेगळ्या होतात.

दुखणे थांबवणारी गोळी

प्रथम अंगदुखीच्या गोळ्यांचाच विचार करू. अ‍ॅस्पिरिन १८९९ पासून बाजारात आहे. आयब्युप्रोफेन १९६९ साली इंग्लंडमध्ये विक्रीस आले. डायक्लोफिनॅक आज आपल्याकडे घरोघरी माहीत आहे. या गोळ्या दुखणे कसे थांबवतात याचा उलगडा १९७१ साली इंग्लंडमधील शास्त्रज्ञ जॉन व्हेन यांनी केला, आणि त्याबद्दल १९८२ साली त्यांना दोन स्वीडिश शास्त्रज्ञांसह नोबेल पारितोषिक मिळाले. शरीरात प्रोस्टाग्लँडिन नावाची द्रव्ये तयार होतात. सूज आणि वेदना वाढवण्यात त्यांचा हात असतो. या गोळ्या त्यांची निर्मितीच रोखतात.

परंतु याच द्रव्यांकडे दुसरेही एक काम सोपवलेले आहे. जठरात सतत तीव्र आम्ल पाझरत असते. त्या आम्लाने जठर स्वतःच जळू नये म्हणून त्याच्या आतल्या बाजूस बुळबुळीत अस्तर असते. त्या अस्तराची निगा राखणे, आम्लाचा मारा सौम्य करणे, तेथील रक्तपुरवठा चालू ठेवणे, हे सारे प्रोस्टाग्लँडिनांच्या आधारावर चालते. गोळीला वेदनेचे द्रव्य आणि राखणीचे द्रव्य यांतला भेद कळत नाही. ती चोराबरोबर पहारेकऱ्यालाही बांधून ठेवते. मग आम्ल अस्तर पोखरू लागते, व्रण होतो आणि व्रणातून रक्त झिरपते.

हा धोका माणसालाही आहे; कुत्र्याला तो कितीतरी अधिक आहे. आयब्युप्रोफेन कुत्र्याच्या शरीरात अधिक काळ रेंगाळते. त्याचा काही भाग पित्तावाटे पुन्हा आतड्यात उतरतो, तेथून परत रक्तात शोषला जातो, आणि हे चक्र फिरत राहते. हिशेबच मांडायचा तर तो असा : ६० किलो वजनाच्या माणसाने ४०० मिलिग्रॅमची गोळी घेतली, तर किलोमागे सुमारे ७ मिलिग्रॅम औषध पोटात जाते. तीच गोळी १० किलोच्या कुत्र्याला दिली, तर किलोमागे ४० मिलिग्रॅम. "मग पाव गोळी देऊ," असे कुणी म्हणेल. पाव गोळी म्हणजे किलोमागे १० मिलिग्रॅम. आणि किलोमागे ८ मिलिग्रॅम इतकी मात्रा महिनाभर रोज दिली असता कुत्र्यांच्या जठरात व्रण झाल्याचे आढळून आले आहे.

गोळी दिलीच नाही, तरीही ती पोटात जाऊ शकते. गुडघ्याला चोळलेले वेदनाशामक मलम कुत्रा आवडीने चाटतो. आजोबा खुर्चीत पेपर वाचत बसलेले असताना पायाशी बसून चाललेले हे चाटण आपल्याला लडिवाळ वाटते. मलम चोळल्यावर पाय झाकून ठेवावा आणि हात धुतल्यावाचून जनावराला कुरवाळू नये.

कुत्र्यांच्या सांधेदुखीवर औषधच नाही, असा याचा अर्थ नाही. मेलॉक्सिकॅम, कार्प्रोफेन यांसारखी औषधे पशुवैद्य देतात. पण मात्रा तोलून, बरोबर अन्न देऊन, आणि दीर्घकाळ द्यायची झाल्यास रक्त तपासून. अशा औषधाबरोबर घरातली दुसरी वेदनाशामक गोळी, किंवा प्रेड्निसोलोनसारखे स्टेरॉइड, आपल्या मनाने कधीही देऊ नये. दोहोंच्या माऱ्यात जठराला वा आतड्याला आरपार भोक पडण्यापर्यंत मजल जाते, आणि मग शस्त्रक्रिया करूनही जनावर हाती लागेल याचा भरवसा नसतो.

एका प्राण्यास मानवणारे औषध दुसऱ्यास कसे घातक ठरते, याचा मोठा धडा आपल्या देशाने पाहिला आहे. दुखण्यावर गुरांना डायक्लोफिनॅक दिले जाई. अशी गुरे मेल्यावर त्यांचे मांस खाणारी गिधाडे मूत्रपिंडे निकामी होऊन कोट्यवधींच्या संख्येने नाहीशी झाली. कारणाचा छडा २००४ साली लागला आणि २००६ साली भारतात जनावरांसाठी या औषधावर बंदी आली. गाईने जे पचवले, ते गिधाडाला पचले नाही. औषध तेच होते. शरीर वेगळे होते.

मांजराचे यकृत, मांजराची अन्ननलिका

पॅरासिटामॉल ही आपल्या घरातली सर्वांत निरुपद्रवी समजली जाणारी गोळी. लहान मुलालाही ती देतात. मांजराच्या बाबतीत मात्र ती विषच समजावी. आपले यकृत या औषधाला एका विशिष्ट द्रव्याची जोड देऊन त्याचा निचरा करते. ती जोड देण्याची क्षमता मांजराच्या यकृतात नाहीच म्हटले तरी चालेल. मग औषधाचे विषारी रूप साचते, रक्तातील तांबड्या पेशी प्राणवायू वाहून नेईनाशा होतात, हिरड्या गुलाबी रंग सोडून तपकिरी-निळसर दिसू लागतात, तोंड व पंजे सुजतात, लाळ गळते, ओकाऱ्या होतात. चार किलोच्या मांजराला ५०० मिलिग्रॅमची एक गोळी म्हणजे किलोमागे १२५ मिलिग्रॅम. एवढ्याने त्याचा जीव जाऊ शकतो. यावर उतारा आहे, परंतु तो तासाभराच्या हिशेबाने द्यावा लागतो, दिवसाच्या नव्हे.

मांजराची दुसरी अडचण तिच्या घशाखाली आहे. कोरडी गोळी गिळवली, की ती पोटात पोचली असे आपण धरून चालतो. प्रत्यक्षात ती बरेचदा पाच मिनिटांनंतरही अन्ननलिकेतच चिकटून बसलेली असते. गोळी साधी असेल तर निभावते. डॉक्सिसायक्लीन असेल तर नाही. हे औषध जेथे विरघळते तेथील त्वचा भाजून काढते; पुढे ती जागा आक्रसते आणि घास खाली उतरेनासा होतो. मांजर भुकेने ताटलीशी येते, खाते आणि लगेच सारे परत टाकते, असे दिसू लागले म्हणजे पशुवैद्याला मागच्या आठवड्यातली गोळी अवश्य सांगावी. उपाय अगदी साधा आहे. गोळीमागून सुई नसलेल्या पिचकारीने पाच-सहा मिलिलिटर पाणी, गालाच्या बाजूने, थेंबाथेंबाने पाजावे. नाहीतर लगेच दोन घास खाऊ घालावेत.

ऑक्सफर्डचे उंदीर

प्रतिजैविकांची कथा याहून निराळी आणि उद्बोधक आहे. २५ मे १९४० रोजी ऑक्सफर्ड येथे हॉवर्ड फ्लोरी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आठ उंदरांना घातक जंतू टोचले आणि त्यांपैकी चौघांना पेनिसिलिन दिले. दुसऱ्या दिवशी सकाळी औषध न मिळालेले चारही उंदीर मेलेले होते. औषध मिळालेले चार जिवंत होते. वैद्यकाच्या इतिहासाला येथून कलाटणी मिळाली. पुढे १९४३ साली असे दिसून आले, की तेच पेनिसिलिन गिनी पिग या प्राण्याला मारून टाकते. ऑक्सफर्डच्या मंडळींनी त्या दिवशी उंदरांऐवजी गिनी पिग घेतले असते, तर पेनिसिलिन हे विष ठरून कदाचित बाजूला पडले असते.

असे का व्हावे ? याचे उत्तर पोटात आहे. गिनी पिग, ससा, हॅमस्टर हे प्राणी चाऱ्यावर जगतात, पण तो चारा ते एकटे पचवत नाहीत. त्यांच्या मोठ्या आतड्याच्या तोंडाशी एक मोठी पिशवी असते, आणि तीत नांदणारे असंख्य जीवाणू त्यांच्यासाठी चारा आंबवतात. पेनिसिलिन, अँपिसिलिन, अमॉक्सिसिलिन, क्लिंडामायसिन ही औषधे तोंडावाटे गेली, की या उपकारक जीवाणूंचाच फडशा पडतो. मोकळ्या झालेल्या जागेत दुष्ट जीवाणू माजतात, विष सोडतात, आणि काही दिवसांत जनावर जुलाबाने हतबल होऊन मरते. मुलांच्या हट्टापायी घरी आलेल्या सशाला शिंका येतात म्हणून मुलांच्याच औषधाचा चमचा पाजणे किती महागात पडेल, हे यावरून ध्यानात यावे. त्यातून सशाला ओकता येत नाही. पोटात गेले ते गेले.

कुत्र्या-मांजरांना हा धोका इतका टोकाचा नाही, परंतु त्यांच्या आतड्यांतही जीवाणूंचे गोकुळ असतेच. प्रतिजैविके सुरू असताना शौच पातळ होणे, भूक मंदावणे, पोटात गुडगुडणे हे नेहमीचे. आजवर कुत्र्याला जुलाब झाले की मेट्रोनिडॅझोल देण्याचा सरसकट प्रघात होता. आता असे आढळले आहे, की या औषधाने आतड्यातील जीवाणूंची विस्कटलेली घडी बसायला पुढे कित्येक आठवडे लागतात, आणि साधे जुलाब बहुधा प्रतिजैविकांवाचूनच बरे होतात. म्हणून "मागच्या वेळी हेच दिले होते" या आधारावर दुकानातून पट्टी आणण्याची सवय मोडली पाहिजे.

दूधपोळीतली गोळी

आपल्याकडे कुत्र्याला औषध द्यायचे म्हणजे दूधपोळी ठरलेली. येथे दोन गोष्टी लक्षात ठेवाव्यात. पहिली, मोठ्या झालेल्या कित्येक कुत्र्या-मांजरांना दुधातील साखर पचत नाही. आधीच औषधाने हळवे झालेले आतडे दुधाने आणखी बिघडते, आणि मग जुलाब औषधाचे की दुधाचे हेच कळेनासे होते. दुसरी, टेट्रासायक्लीन गटातील औषधांना दुधातले कॅल्शियम पकडून ठेवते आणि ती नीट शोषली जात नाहीत. गोचिडांपासून होणाऱ्या तापावर आपल्या उष्ण प्रदेशात कुत्र्यांना डॉक्सिसायक्लीन वारंवार द्यावे लागते. तेही याच कुळातले. रिकाम्या पोटी दिले तर ओकारी होते, म्हणून ते अन्नाबरोबर द्यावे. परंतु दूध, दही, पनीर टाळून. बिनमिठाच्या भाताची घट्ट पेज किंवा उकडलेल्या अंड्याचा तुकडा हे काम उत्तम करतो. आमटीतला भात मात्र नको, कारण कांदा आणि लसूण ही दोन्ही कुत्र्या-मांजरांच्या रक्ताला बाधतात. याच कारणास्तव जंतांवर लसणाची पाकळी चारण्याचा घरगुती उपायही सोडून द्यावा.

पातळ औषध पाजताना जनावराचे तोंड आकाशाकडे धरून घशात ओतण्याची पद्धत सर्वांत वाईट. औषध पोटात जाण्याऐवजी श्वासनलिकेत उतरते आणि फुप्फुसाचा दाह होतो. माणसांच्या औषधांतली साखरही तपासावी. साखरविरहित म्हणून विकल्या जाणाऱ्या काही औषधांत व चघळण्याच्या गोळ्यांत झायलिटॉल असते. ते कुत्र्याच्या रक्तातील साखर एकाएकी उतरवते आणि यकृतालाही इजा करू शकते.

जंत आणि जुलाब

जंतांचे औषध दिल्यावर एखादी ओकारी, एखादे पातळ शौच आणि त्यात मेलेले जंत दिसणे यात घाबरण्यासारखे काही नाही. पण पिल्लाच्या पोटात जंतांचा बुजबुजाट असेल तर मेलेल्या जंतांच्या गोळ्याने आतडे अडू शकते. म्हणून पोट नगाऱ्यासारखे झालेल्या पिल्लाला पहिली मात्रा पशुवैद्याच्या सल्ल्यानेच द्यावी. शाळेत मुलांना मिळते ती अल्बेंडॅझोलची गोळी कुत्र्या-मांजरांना पुनःपुन्हा दिल्यास रक्त तयार करणाऱ्या मज्जेवर परिणाम होतो. त्यांच्यासाठी अधिक सुरक्षित औषधे उपलब्ध आहेत.

जुलाब थांबवणाऱ्या लोपेरामाइडच्या गोळीची गोष्टही अशीच. कॉली आणि तिच्या नात्यातल्या काही मेंढपाळी जातींच्या कुत्र्यांत एक आनुवंशिक दोष असतो. २००१ साली त्याचा शोध लागला. या दोषामुळे काही औषधे मेंदूत शिरण्यापासून अडवली जात नाहीत. अशा कुत्र्याला ही साधी गोळीही झिंगवून, लटपटवून आडवी पाडते. शिवाय विषारी काही खाल्ल्यामुळे जुलाब होत असतील, तर ते कोंडून ठेवणे म्हणजे विषच कोंडून ठेवणे होय.

काय पाहावे, काय करावे

पशुवैद्याने विचारपूर्वक दिलेले औषधही पोटाला थोडाफार त्रास देऊ शकते. म्हणून औषध सुरू असेतोवर रोज सकाळी तीन गोष्टी पाहाव्यात : जनावराने खाल्ले किती, त्याचे शौच कसे झाले, आणि हिरड्यांचा रंग कसा आहे. एखादी ओकारी वा एक वेळचे सैल शौच झाल्यास फोन करून विचारावे. परंतु ओकारी कॉफीच्या चोथ्यासारखी दिसली, शौच डांबरासारखे काळे व चिकट झाले, हिरड्या पांढुरक्या पडल्या, किंवा पोटाला हात लावताच जनावर कण्हू लागले, तर पुढची मात्रा थांबवून तडक दवाखाना गाठावा. लोहाचे टॉनिक चालू असतानाही शौच काळे होते; म्हणून तेही सांगावे. उलटपक्षी, दीर्घकाळ चाललेले स्टेरॉइड ठीक वाटते म्हणून एकदम बंद करणे धोक्याचे असते. ते पायरीपायरीनेच उतरवावे लागते.

चुकून गोळी पोटात गेलीच, तर मिठाचे पाणी पाजून ओकवण्याचा प्रयत्न करू नये. मिठाचीच विषबाधा होते. गोळ्यांची पट्टी, किती गोळ्या कमी झाल्या तो आकडा आणि अंदाजे वेळ, एवढे घेऊन निघावे. घरचे काही लपवू नये. "आम्ही काहीच दिले नाही," हे संकोचापोटी उच्चारलेले वाक्य पशुवैद्याचा बहुमोल वेळ खाते.

आपणा बाहेरगावच्या मराठी माणसांना येथे भाषेचीही थोडी तयारी हवी. घाबरलेल्या वेळी तोंडी मायबोलीच येते. इंदूर-ग्वाल्हेरकडे जुलाबांना 'दस्त' म्हणतात, बडोद्याला 'झाडा', बेळगावच्या कन्नडात 'भेदी', हैदराबादच्या तेलुगूत 'विरेचनालु'. हा शब्द आणि "शौच काळे होते की लाल" हे सांगण्यापुरते स्थानिक भाषेतले वाक्य घरातल्या प्रत्येकाला यावे. औषधांच्या डब्याच्या झाकणाला आतून एक कागद चिकटवून त्यावर पशुवैद्याचा क्रमांक, जनावराचे ताजे वजन आणि चालू औषधांची नावे लिहून ठेवली, तर रात्री-बेरात्री शोधाशोध होत नाही. डबा मात्र उंचावर आणि बंद ठेवावा. कुत्र्याच्या दातांपुढे प्लॅस्टिकच्या बाटलीचा निभाव लागत नाही.

आपल्याला पोटात कळ आली तर आपण बोलून दाखवतो, गोळी बदलून घेतो, दुसऱ्या डॉक्टरचे मत विचारतो. कुत्र्या-मांजराला यातले काहीच करता येत नाही. आपण हातावर ठेवू ते विश्वासाने गिळायचे, आणि सोसले नाही तर ताटलीपासून मान फिरवून कोपऱ्यात जाऊन बसायचे, एवढीच त्याची भाषा. औषध देण्यापूर्वी एकदा विचारणे आणि दिल्यानंतर ती फिरवलेली मान वेळेवर ओळखणे, एवढे आपण त्याचे देणे लागतो.